सात लाखांचं हसू

मावशीच्या लग्नाच्या कॅसेटमध्ये आजोबा चार सेकंद दिसतात. धोतर, टोपी, मांडवाच्या खांबाला टेकून उभे, आणि कशावर तरी पोट धरून हसताहेत. लगेच पुढचा शॉट येतो आणि गुलाबाच्या फुलातून नवरा-नवरी बाहेर पडतात. आजोबा कशावर हसले, ते कॅसेटमध्ये नाही.

लग्न २००१ सालचं, वसमतचं. शूटिंग मामाचं, मिक्सिंगही मामाचंच. आमच्या हिंगोली जिल्ह्यात लग्नाच्या व्हिडिओचं ‘संकलन’ कुणी करत नाही, ‘मिक्सिंग’ करतात. मामाच्या दुकानात दोन व्हीसीआर, एक मिक्सर आणि एक जुना टीव्ही होता. एका व्हीसीआरवर टेप चालवायची, दुसऱ्यावर रेकॉर्ड करत जायचं, नको ते आलं की पॉज दाबायचं. बोट उशिरा पडलं तर मागे जाऊन पुन्हा. हळदीच्या सीझननंतर लग्नसराई सुरू झाली की मामा रात्र-रात्र तिथे बसलेला असायचा आणि सकाळी त्याच्या डोळ्यांत मिरचीपूड टाकल्यासारखं दिसायचं.

आजोबा २००३ साली गेले. मागच्या दिवाळीत मी ती कॅसेट कॉम्प्युटरवर उतरवून घेतली आणि मामाला मूळ टेप मागितली. मामा माझ्याकडे बघतच राहिला. "मूळ टेप? अरे, तिच्यावर पुढचं लग्न घेतलं की!"

टेप महाग होती. एकेका टेपवर चार-पाच लग्नं व्हायची. बजेट कमी असलं की कापलेलं जपून ठेवता येत नाही.

त्या चार सेकंदांमुळे मी कापणाऱ्या माणसांबद्दल वाचायला लागलो, आणि वाचता वाचता रेणू सलुजांपाशी पोचलो. तोवर हे नाव मला माहीत नव्हतं. त्यांनी कापलेला एक सिनेमा मात्र मी निदान दहा वेळा पाहिला होता.

‘जाने भी दो यारों’ तुम्ही पूर्ण पाहिला नसेल तरी त्यातला महाभारताचा तुकडा फोनवर नक्की पाहिला असेल. नाटक चालू आहे, द्रौपदीच्या साडीत एक प्रेत आहे, आणि अर्धी मुंबई त्या प्रेताच्या मागे स्टेजवर चढली आहे. सिनेमा १९८३ चा. तेव्हा हिंगोली जिल्हाही नव्हता, आम्ही परभणीत होतो, वेगळे झालो १ मे १९९९ ला. पैसे सरकारच्या राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचे, आणि सगळा खर्च सात लाखांच्या आतला. कुंदन शाह यांचा दिग्दर्शक म्हणून पहिला मोठा सिनेमा. नसीरुद्दीन शाह आणि रवी बासवानी हे दोन फोटोग्राफर मुंबईत स्टुडिओ थाटतात. ‘खबरदार’ नावाच्या पेपरची संपादक त्यांना बिल्डर आणि महापालिका आयुक्ताच्या भानगडींचे फोटो काढायला लावते. ही संपादक म्हणजे आपल्या ‘ती फुलराणी’च्या भक्ती बर्वे. फोटो काढता काढता या दोघांकडून चुकून एका खुनाचाच फोटो निघतो. पुढे आयुक्ताचं प्रेत, त्याची शवपेटी, कोसळणारा पूल. शेवटी खरे गुन्हेगार सुटतात आणि तुरुंगात जातात हे दोघं.

थिएटरात तो फार काही चालला नाही. तो घरोघर पोचला पुढे, दूरदर्शनवरून आणि व्हिडिओ कॅसेटवरून. मामानेही तो टीव्हीवरच पाहिला. महाभारताच्या प्रसंगाला तो आमच्या सगळ्यांपेक्षा जास्त हसायचा, कारण त्याने हिंगोलीच्या रामलीला मैदानावर दसऱ्याच्या गर्दीत उभं राहून असले घोटाळे प्रत्यक्ष पाहिले होते. ऐन वेळी माईक बंद पडणं, दाढी निघून येणं, वगैरे.

आता सात लाख म्हणजे काय ते नीट समजून घ्यायला हवं. मोठ्या बजेटमध्ये एखादा विनोद फसला तर सीन पुन्हा शूट करता येतो. सात लाखांत ते शक्य नसतं. नट मित्र म्हणून आलेले, तारखा उसन्या, कच्ची फिल्म मोजून घेतलेली. शूटिंग संपलं की जे डब्यात आहे त्यातूनच सिनेमा काढायचा. म्हणून स्वस्तातल्या सिनेमात वाचवायची किंवा बुडवायची शेवटची जागा म्हणजे संकलनाची खोली. त्या खोलीत रेणू सलुजा बसल्या होत्या.

त्यांचा जन्म १९५२ चा. १९७६ मध्ये पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून त्या संकलन शिकून बाहेर पडल्या. लॉ कॉलेज रोडवरची ही जागा मूळची प्रभात फिल्म कंपनीची. १९३३ मध्ये कोल्हापूरहून पुण्यात आलेल्या प्रभातच्या आवारात १९६० साली इन्स्टिट्यूट सुरू झाली. मी रोज ऑफिसला जाताना त्या फाटकावरून बाइक काढतो, आणि इतकी वर्षं मला वाटायचं की तिथे फक्त हिरो-हिरॉइन शिकतात. कुंदन शाह, सईद मिर्झा, विधू विनोद चोप्रा, केतन मेहता ही मंडळी आसपासच्या वर्षांत तिथेच होती. पुढची वीस-पंचवीस वर्षं हे लोक सिनेमे करत गेले आणि त्यातले बरेच सिनेमे रेणू सलुजांच्या टेबलावर आले. ‘जाने भी दो यारों’ हा या दोस्तमंडळींचाच कारभार. त्याच्या दोन नायकांची नावं विनोद आणि सुधीर अशी आहेत, कारण युनिटमध्ये विनोद चोप्रा आणि सुधीर मिश्रा होते. नायक गुप्त खूण म्हणून ज्या सिनेमाचं नाव घेतात तो सईद मिर्झांचा ‘अल्बर्ट पिंटो को गुस्सा क्यों आता है’, १९८० चा. त्याचं संकलनही रेणू सलुजांचंच होतं. म्हणजे स्वतःच्या जुन्या कामावरचा विनोद त्या स्वतः कापत होत्या.

त्या काळी हे काम हाताने व्हायचं. निगेटिव्हवरून एक साधी प्रिंट काढायची, तिला रश प्रिंट म्हणतात. आवाज वेगळ्या मॅग्नेटिक पट्टीवर असायचा. चित्र आणि आवाज दोन्ही पट्ट्या स्टीनबेक नावाच्या टेबलावर शेजारी-शेजारी चालवायच्या. आडव्या मोठ्या चकत्या आणि मध्ये छोटा पडदा असलेलं हे टेबल. जिथे कापायचं तिथे पेन्सिलीने खूण करायची, कापून पारदर्शक टेपने जोडायचं, आणि उरलेला तुकडा कापड लावलेल्या टोपलीवर खिळ्याला लटकवायचा. पस्तीस एमएमच्या फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम, आणि सेकंदाला २४ फ्रेम. म्हणजे एक सेकंद दीड फुटाचा. सव्वादोन तासांचा सिनेमा बारा हजार फुटांच्या घरात जातो, आणि हे झालं फक्त ठेवलेलं. टाकलेलं याच्या कित्येक पट. कट उशिरा वाटला म्हणून सहा फ्रेम परत हव्या असतील तर टोपलीतून साडेचार इंचांचा तो तुकडा शोधून आणायचा. सगळं ठरलं की त्याबरहुकूम निगेटिव्ह कापायची, आणि ती एकदा कापली की विषय संपला. माझ्या कामात कंट्रोल-झेड आहे, गिट आहे, मागच्या वर्षीचा मूर्खपणाही तारखेसकट परत आणता येतो. तरी मी एखादी फाइल डिलीट करताना तीनदा विचार करतो.

आणि विनोदात सहा फ्रेम म्हणजे खूप असतं. पाव सेकंद. वाक्य संपल्यावर पाव सेकंद लवकर कापलं तर लोकांना विनोद कळायच्या आत पुढचं सुरू होतं, आणि पाव सेकंद उशीर झाला तर नट हशाची वाट बघत उभा राहिल्यासारखा दिसतो. त्यात आणखी एक पेच असतो. थिएटरात चारशे माणसं हसली की पुढचं वाक्य बुडतं, म्हणून हसण्याला जागा सोडावी लागते. पण रिकाम्या खोलीत, चार जणांबरोबर, शंभराव्यांदा तोच सीन बघताना ती जागा किती सोडायची? तिथे कुणीच हसत नसतं. आपण हा सिनेमा आज लोकलमध्ये एका कानात इअरफोन घालून, कधीकधी दीडपट वेगाने बघतो. एखाद्या ठिकाणी तुम्हाला तो जरा रेंगाळल्यासारखा वाटला तर ती कदाचित चारशे माणसांसाठी सोडलेली जागा असेल.

माझ्या मते या सिनेमातलं सगळ्यात अवघड काम महाभारतात नाही, प्रेतात आहे. सतीश शाह यांचा डिमेलो अर्ध्या सिनेमात मेलेला आहे. मेलेला माणूस अभिनय करत नाही. तरी आपण त्याच्यावर हसतो. हे कसं होतं?

शंभर वर्षांपूर्वी रशियात लेव्ह कुलेशोव्ह नावाच्या दिग्दर्शकाने एक प्रयोग केला होता. एका नटाचा निर्विकार चेहरा घेतला आणि तोच शॉट वेगवेगळ्या चित्रांना जोडला. सूपच्या वाटीशेजारी तो नट भुकेला वाटला, शवपेटीशेजारी दुःखी. चेहरा एकच, भाव मात्र शेजारच्या शॉटने दिला. जगातल्या प्रत्येक फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये हा धडा शिकवतात. ‘जाने भी दो यारों’मध्ये त्या धड्याची टोकाची परीक्षा आहे. रात्री रस्त्यावर शवपेटी पडली आहे. दारू प्यायलेला ओम पुरींचा आहुजा तिला बंद पडलेली गाडी समजतो आणि आतल्या साहेबांशी गप्पा मारायला लागतो. आहुजाची बडबड, मग डिमेलोचा चेहरा. पुन्हा बडबड, पुन्हा तोच चेहरा. आणि आपल्याला तो चेहरा कधी शिष्ट वाटतो, कधी रुसलेला, कधी आहुजाच्या बोलण्याला कंटाळलेला. सतीश शाह यांनी प्रेत म्हणून जी कमाल केली ती केलीच, पण त्या प्रेताला स्वभाव दिला तो कटने. कुलेशोव्हच्या प्रयोगात शवपेटी होती, आणि इथे चेहराच शवपेटीतला. कुंदन शाहांना हे ठाऊक असणारच. ज्या बागेत खून होतो तिचं नावच त्यांनी अँटोनिओनी पार्क ठेवलंय. अँटोनिओनीच्या १९६६ च्या ‘ब्लो-अप’मध्येही फोटो मोठा करता करता खून सापडतो.

महाभारताच्या प्रसंगात वेगळी कसरत आहे. एकाच वेळी स्टेज, विंग आणि प्रेक्षक अशा तीन जागा सांभाळायच्या, आणि प्रेत कुणाच्या हातात आहे हे बघणाऱ्याला सतत कळायला हवं, नाहीतर नुसता गोंधळ उरतो. दुर्योधनच वस्त्रहरण रद्द करून टाकतो, मध्येच मुघल दरबार घुसतो, आणि या सगळ्यात आंधळा धृतराष्ट्र आपला विचारतोय की चाललंय काय. धृतराष्ट्राचा तो प्रश्न किती वेळाने परत येतो ते एकदा घड्याळ लावून बघा. आपण त्याला विसरतो न विसरतो तोच तो येतो. कीर्तनातल्या ध्रुपदासारखं आहे ते, फक्त इथे टाळ कात्रीचे आहेत.

कात्रीने घेतलेला एक बळी प्रसिद्ध आहे. अनुपम खेर यांनी या सिनेमात ‘डिस्को किलर’ नावाच्या मारेकऱ्याचं काम केलं होतं. ते शूट झालं आणि संकलनात सगळंच्या सगळं गेलं. आज सिनेमात त्यांचा मागमूस नाही. ‘सारांश’ अजून यायचा होता, म्हणजे धडपडणाऱ्या नव्या नटाचं अख्खं काम टोपलीत गेलं. क्रूर वाटतं, पण सिनेमा बघताना मला एकदाही असं वाटलं नाही की इथे कुणीतरी असायला हवं होतं. मावशीच्या कॅसेटमध्ये मात्र वाटतं.

सिनेमाच्या बाहेरच्या जगात संकलकाचं असंच आहे. न्यू यॉर्कच्या राल्फ रोझेनब्लमने वुडी ॲलनचा ‘ॲनी हॉल’ कापला. मूळ सिनेमा पसरट होता, त्यात एक खुनाचं रहस्यही होतं. ते काढून टाकल्यावर आत एक प्रेमकथा सापडली, आणि १९७७ साली जग त्या प्रेमकथेवर फिदा झालं. रोझेनब्लमने नंतर पुस्तक लिहून कुठे काय कापलं ते सांगितलं. रेणू सलुजांना असं पुस्तक लिहायला वेळ मिळाला नाही. त्यांच्या जाण्यानंतर इन्स्टिट्यूटच्या माजी विद्यार्थ्यांनी त्यांच्या कामावर पुस्तक काढलं. त्याचं नाव ‘इनव्हिजिबल’, म्हणजे अदृश्य.

१९८३ मध्येच त्यांनी आणखी एक सिनेमा कापला होता, गोविंद निहलानींचा ‘अर्धसत्य’. श्री. दा. पानवलकरांच्या ‘सूर्य’ या मराठी कथेवरचा, तेंडुलकरांची पटकथा. ओम पुरी तिथे आतल्या आत धुमसणारे पोलीस सब-इन्स्पेक्टर आहेत. एकाच वर्षी एकाच बाईच्या टेबलावर हे दोन ओम पुरी. एक शवपेटीशी गप्पा मारणारा आणि एक कुणाशीच धड न बोलू शकणारा. दोन्ही सिनेमांतलं शहर एकच आहे, सडलेलं, आणि दोन्हींत शेवटी सुटका नाही. मला वाटतं म्हणूनच ‘जाने भी दो यारों’चा शेवट इतका लागतो. हसवताना वापरलेली लय शेवटी अचानक थांबते, आणि कैद्यांच्या कपड्यांतले ते दोघं आपल्याकडे बघतात. रीलमध्ये महाभारत असतं, हे नसतं. रील बनवणाराही कापतोच, पण तो हशा ठेवतो आणि ज्याच्यासाठी तो हशा रचला होता ते टाकून देतो.

पुढच्या वर्षी ‘मोहन जोशी हाज़िर हो!’ आला. पडक्या चाळीच्या दुरुस्तीसाठी म्हातारा-म्हातारी मालकावर केस करतात, आणि केसच त्यांना खाते. मग ‘परिंदा’ (१९८९), ‘धारावी’, ‘सरदार’, ‘बँडिट क्वीन’, ‘१९४२: अ लव्ह स्टोरी’. एवढी मोठी नावं मिळाल्यावर बाईंनी छोटे सिनेमे सोडले असतील असं वाटेल, पण नाही. १९९४ मध्ये कुंदन शाहांचाच ‘कभी हां कभी ना’ आला. गोव्यात घडणारा, ज्यात शाहरुखला शेवटी मुलगी मिळत नाही आणि तरी तो आवडतो. १९९८ मध्ये नागेश कुकुनूर नावाच्या अमेरिकेतून आलेल्या इंजिनिअरने नोकरीच्या बचतीतून ‘हैदराबाद ब्लूज’ काढला. त्याचंही संकलन रेणू सलुजांचं. इंजिनिअर, साठवलेला पगार आणि सिनेमा हे वाचून माझ्या मनात काय आलं असेल ते आयटीतल्या वाचकांना सांगायला नको.

त्यांना संकलनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले: ‘परिंदा’, ‘धारावी’, ‘सरदार’ आणि ‘गॉडमदर’. चारही गंभीर सिनेमे. विनोदी एकही नाही. ‘जाने भी दो यारों’चा राष्ट्रीय पुरस्कार दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटाचा होता, तो कुंदन शाहांचा. विनोदी नटाचं फिल्मफेअर रवी बासवानींना. पुरस्कार द्यायला बसलेल्या माणसांना गोळीबारातला कट दिसतो, हशातला दिसत नाही, कारण तेव्हा ते हसत असतात. माझ्या नोकरीत ज्या दिवशी मी चारशे ओळींचा कोड काढून टाकतो आणि कुणालाच काही जाणवत नाही, तो माझा सगळ्यात चांगला दिवस असतो. अप्रेझलच्या फॉर्ममध्ये तो कुठल्या रकान्यात भरायचा ते मला अजून कळलेलं नाही.

१६ ऑगस्ट २००० ला पोटाच्या कर्करोगाने त्या गेल्या. वय ४८. २०१२ मध्ये ‘जाने भी दो यारों’ची दुरुस्त केलेली प्रिंट पुन्हा थिएटरात लागली, आणि तो तीस वर्षांनी परत चारशे माणसांसमोर गेला. मी तेव्हा शाळेत होतो, वसमतला. तिथे तो लागला नाही.

हे सगळं मी मागच्या महिन्यात मामाला सांगत होतो. त्याने दुकान बंद करून बरीच वर्षं झाली, आता पोरं मोबाईलवरच मिक्सिंग करतात. मी त्याला आहुजाचा सीन लावून दिला आणि डिमेलोचा चेहरा किती वेळा येतो ते मोजायला सांगितलं. त्याने मोजलं नाही. दोनदा मागे घेऊन बघितलं आणि म्हणाला, "बाईचा हात लई भारी होता."

मग मी कॅसेटमधला तो तुकडा लावला. आजोबा खांबाला टेकलेले, हसताहेत, कट, गुलाबाचं फूल. "मामा, आबा कशावर हसले होते रे?"

"माझ्यावर." त्याने स्क्रीनवरून नजर काढली नाही. "प्लास्टिकच्या खुर्चीवर चढलो होतो कॅमेरा घेऊन. खुर्चीचा पाय मोडला. पुढं सगळं आभाळ अन् मांडवाचं कापड दिसत होतं. म्हणून काढलं."